त्यांना बोलता येत नव्हतं का?

गेल्या मे महिन्यात आपल्या गच्चीवर मुलांसाठी सिनेमा दाखवला होता, तो बऱ्याच जणांच्या लक्षात असेल. पाण्याच्या टाकीच्या भिंतीवर पांढरी चादर ताणून बांधली होती. प्रोजेक्टर बी-विंगमधल्या एका सभासदांनी ऑफिसमधून आणला होता. वारा सुटला की चार्ली चॅप्लिन पोटात वाकडा व्हायचा आणि मुलं त्यालाही हसायची. मध्येच पहिल्या रांगेतल्या एका चिमुरड्यानं मागं वळून मला विचारलं, "आजोबा, यांना बोलता येत नव्हतं का?"

मी म्हटलं, "अरे, तेव्हा सिनेमाला आवाज नव्हता."

"ते माहितीये हो. पण मग न बोलता सगळं करायला हे शिकले कुठं?"

मला उत्तर देता आलं नाही. छत्तीस वर्षं बँकेत काढल्यामुळं अडचणीच्या प्रश्नाला "उद्या या" म्हणायची सवय जिभेला लागलेली. त्यालाही तेच म्हटलं. पण प्रश्न डोक्यातून जाईना. मग वाचनालयातून पुस्तकं आणली, चॅप्लिनचं आत्मचरित्र पुन्हा वाचलं, नातीनं मोबाइलवर जुने मूकपट शोधून दिले. एवढ्यात स्मरणिकेच्या संपादक मंडळाचा निरोप आला की काका, काहीतरी लिहा. सोसायटीची नोंदणी, कन्व्हेयन्सची लढाई, बोअरवेल हे सगळं इतर मंडळींनी लिहिलंच आहे. तेव्हा मी ती उधारी इथंच चुकती करतो.

प्रश्न वाटतो तेवढा बाळबोध नाही. हलत्या चित्रांचे जाहीर खेळ सुरू झाले १८९५-९६ मध्ये. पुढच्या वीस वर्षांत पडद्यावर अशी माणसं आली की एक अक्षर न बोलता ती जगभरच्या लोकांना हसवू लागली. एवढी तयार माणसं एकदम आली कुठून? कॅमेऱ्यापुढं उभं राहून शिकायला एवढा अवधीच मिळालेला नव्हता. ती आधीच तयार होती. ती तयार झाली स्टेजवर, आणि गंमत म्हणजे त्यात एका सरकारी कायद्याचा मोठा हात होता.

इंग्लंडात १८४३ साली नाट्यगृहांचा कायदा झाला. त्यानं दोन कप्पे केले. ज्यांच्याकडं नाटकाचा परवाना, त्यांनी संवाद असलेली नाटकं करायची; पण प्रेक्षागृहात दारू द्यायची नाही. ज्यांच्याकडं गाणं-बजावणं आणि नाच यांचा परवाना, त्यांनी खुशाल दारू-सिगार चालू ठेवायचं. पण नाटक करायचं नाही. या दुसऱ्या कप्प्यातली ठिकाणं म्हणजे म्यूझिक हॉल. गाणी, डोंबाऱ्याच्या कसरती, जादू, नकला, कुत्र्यांचे खेळ, सगळं एका तिकिटात. आपल्याकडं सर्कस, नकलाकार आणि तमाशा एकाच मांडवात बसवले तर जे होईल ते. तिथं गाण्यातून विनोद चालायचा, पण दोन पात्रांनी समोरासमोर उभं राहून संवाद सुरू केले की ते "नाटक" ठरायचं आणि मालकावर खटला भरला जायचा.

मग काय करणार? तोंड मिटून नाटक करणार. शब्द नाहीत म्हणजे नाटक नाही, अशी ही पळवाट. शिवाय हॉलमध्ये पेले वाजतायत, माणसं ये-जा करतायत, शेवटच्या रांगेतला आधीच झिंगलेला. तिथं शब्द पोचणार तरी कुठवर? पाय घसरलेला मात्र शेवटच्या रांगेलाही दिसतो. अमेरिकेत याच प्रकाराला व्हॉडव्हिल म्हणत. तिथं तर इटली, जर्मनी, रशिया कुठून कुठून आलेले लोक प्रेक्षकांत बसलेले, कित्येकांना इंग्रजी धड येत नाही. त्यामुळं मुके खेळ तिथंही चालत. सुरुवातीला माणसं खुर्च्या शोधत असताना आणि शेवटी घरी निघालेली असताना हेच खेळ लावत, कारण ऐकण्यासारखं काही चुकत नसे!

अशा ठिकाणी सिनेमा आला तो आपल्या भाषेत सांगायचं तर पोटभाडेकरू म्हणून. त्याला स्वतःची जागा नव्हती. १८९६ च्या मार्चमध्ये लंडनच्या अल्हाम्ब्रा या मोठ्या म्यूझिक हॉलमध्ये रॉबर्ट पॉल नावाच्या यंत्र बनवणाऱ्यानं आपली हलती चित्रं दाखवायला सुरुवात केली, गाणी आणि नाच यांच्यामधला एक आयटम म्हणून. पुढच्याच महिन्यात त्यानं एक छोटी विनोदी फिल्म काढली. शिपाई आणि त्याची मैत्रीण बाकावर बसलीयत, एक जाडजूड बाई येऊन मध्ये घुसते, एवढीच गोष्ट. ही फिल्म काढली कुठं, तर त्याच अल्हाम्ब्राच्या गच्चीवर. गच्चीवर सिनेमाचा उपद्व्याप करणारे आपण पहिले नव्हे, हे व्यवस्थापन समितीनं नोंद करून घ्यावं. न्यूयॉर्कमध्येही एडिसनच्या नावानं चालणाऱ्या यंत्राचा पहिला मोठा जाहीर खेळ त्याच वर्षी एप्रिलमध्ये एका म्यूझिक हॉलमध्येच झाला.

आपल्या मुंबईतही रीत हीच. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये लागला, हे आपण शाळेत पाठ केलंय. पण त्या कार्यक्रमात आणखी काय होतं ते कुणी शिकवलं नाही. एका गोऱ्या बाईंचा नाच होता, एका जोडीचं विनोदी स्किट होतं, पायांनी वस्तू झेलणारा एक कसरतपटू होता आणि शिवाय आणखी काही विनोदी चिजा. सत्यवचनी राजाची गोष्ट आणि जिवंत विनोद एकाच तिकिटात! पुढच्या वर्षी 'मोहिनी भस्मासुर' आला तेव्हा दादासाहेबांनी त्याच्या जोडीला 'पिठाचे पंजे' नावाचा स्वतःचाच छोटा विनोदी चित्रपट लावला. स्टेजवरचा विनोदवाला जाऊन त्याच्या जागी फिल्मवरचा विनोदवाला बसला. पोटभाडेकरू हळूहळू मूळ भाडेकरूची खोली कशी बळकावतो, हे आपल्यापैकी चाळीतून आलेल्या मंडळींना समजावून सांगायला नको.

आता त्या मुलाच्या प्रश्नाचं खरं उत्तर. "शिकले कुठं?" याचं एका नावात उत्तर द्यायचं तर फ्रेड कार्नो.

हा मूळचा फ्रेडरिक वेस्टकॉट, जन्म १८६६, धंद्यानं डोंबारी म्हटलं तरी चालेल. कसरती करता करता त्यानं मूक विनोदी नाटुकली बसवायला सुरुवात केली. ती इतकी चालली की लंडनच्या कँबरवेल भागात त्यानं घरं घेऊन चक्क कारखाना काढला. तालमीची जागा, देखावे रंगवायची जागा, कपडेपट, सगळं एका ठिकाणी. लोक त्याला 'फन फॅक्टरी' म्हणत. एकाच वेळी त्याच्या कितीतरी तुकड्या गावोगाव फिरत. माणूस शिस्तीचा कडक आणि, वाचलं त्यावरून वाटतं, तोंडाचा फटकळ. पण तालीम पक्की. कोण कुठल्या क्षणी पडणार, किती वेळ पडून राहणार, उठताना टोपी आधी की काठी आधी, हे ठरलेलं. त्याच्याकडं तयार झालेला स्टॅन लॉरेल (लॉरेल-हार्डीमधला बारका) पुढं सांगायचा की हसण्याच्या मध्ये थोडी कारुण्याची छटा ठेवा, असा कार्नोचा आग्रह असे. चॅप्लिन बघताना आपल्या पोटात मध्येच कालवतं ना, त्याचं मूळ इथं आहे असं मला वाटतं.

कार्नोचं सर्वांत गाजलेलं नाटुकलं १९०४ चं 'ममिंग बर्ड्स'. स्टेजवर आणखी एक छोटं स्टेज, त्याच्या बाजूला बॉक्स. छोट्या स्टेजवर एकाहून एक भिकार कलाकार येतात. बॉक्समध्ये टेलकोट घातलेला एक झिंगलेला श्रीमंत गृहस्थ बसलाय. तो विजेच्या दिव्यावर सिगार पेटवायचा प्रयत्न करतो, काडी घ्यायला वाकतो आणि बॉक्समधून खाली पडतो, आणि शेवटी स्टेजवर चढून पैलवानाशी कुस्तीच धरतो. म्हणजे खरा तमाशा प्रेक्षकाचाच. हा झिंगलेला गृहस्थ ज्या पोरानं अमेरिकेत गाजवला तो चार्ली चॅप्लिन.

चॅप्लिन म्हणजे हॉलच्या विंगेतच वाढलेलं पोर. आई गाणारी, बाप गाणारा. आईचा आवाज एका कार्यक्रमात फुटला तेव्हा पाच वर्षांच्या चार्लीला स्टेजवर ढकललं आणि त्यानं वेळ निभावून नेली, हे त्यानंच लिहिलंय. बाप दारूपायी गेला. मुलगा आधी नाचणाऱ्या पोरांच्या तुकडीत, मग नाटकात, आणि १९०८ मध्ये कार्नोकडं लागला, थोरला भाऊ सिडनी आधीपासून तिथं होता म्हणून. १९१० मध्ये कार्नोची तुकडी बोटीनं अमेरिकेला गेली तेव्हा तिच्यात चॅप्लिन आणि लॉरेल दोघंही होते. एक गाजवणार आणि दुसरा त्याच्या आजारपणासाठी राखीव!

१९१३ च्या अखेरीस कीस्टोन कंपनीनं चॅप्लिनला सिनेमासाठी घेतला. आठवड्याला दीडशे डॉलर, तीन महिन्यांनी पावणेदोनशे. आणि तिथं त्याचं बिनसलं. कीस्टोनची पद्धत पळापळीची, पोलिस धावतायत, मोटारी आपटतायत. चॅप्लिनला कार्नोच्या तालमीतली संथ चाल हवी. दारातून आत येताना उंबऱ्याला अडखळायचं, मग उंबऱ्याकडंच वळून टोपी उचलायची, याला वेळ लागतो. त्याच्या पहिल्या फिल्ममधल्या त्याच्या कितीतरी जागा कापल्या गेल्या, याचा राग त्याला म्हातारपणापर्यंत होता. पण फेब्रुवारी १९१४ मध्ये ढगळ पँट, तंग कोट, मोठाले बूट या वेषात तो आला, आणि पुढचं आपल्याला माहीतच आहे. १९१६ साली त्याला आठवड्याला दहा हजार डॉलर आणि वर दीड लाखाचा बोनस मिळत होता. मी आकडे दोनदा तपासले, जुनी खोड.

त्या मोठ्या बुटांचंही मूळ पाहा. म्यूझिक हॉलचा लिटल टिच नावाचा बुटका विनोदवीर हातभर लांब बूट घालून नाचायचा. बुटांच्या टोकांवर उभा राहून उंच व्हायचा, पुढं झुकून जमिनीला नाक लावायचा. १९०० साली पॅरिसला त्याची फिल्म घेतली, ती आजही बघायला मिळते. एकच जागा, कॅमेरा हलत नाही, मागं पडदा. तो म्हणजे स्टेजच. मी ती घरी तीनदा लावली तेव्हा सौ. म्हणाली, आता पुरे.

दुसरा बस्टर कीटन. यानं तर मला झोपू दिलं नाही. १८९५ चा जन्म, आई-बाप व्हॉडव्हिलवाले, गावोगाव फिरणारे. पोरगं चालायला लागल्यावर त्यालाही खेळात घेतलं. खेळ कसला, तर बाप पोराला उचलून फेकतो. देखाव्यावर फेक, विंगेत फेक. पकडायला सोपं जावं म्हणून पोराच्या कपड्यांना पाठीवर सुटकेसची मूठ शिवलेली असे! मुलांच्या छळाविरुद्ध काम करणारी संस्था न्यूयॉर्कमध्ये त्यांच्या मागं लागली होती. आपल्याला आज ऐकवत नाही. पण कीटन सांगतो की पडल्यावर तो स्वतः हसला तर लोक कमी हसतात आणि चेहरा दगडासारखा ठेवला तर जास्त हसतात, हे त्याला तेव्हाच कळलं. तो जगप्रसिद्ध निर्विकार चेहरा कुठल्या दिग्दर्शकानं दिलेला नाही, तो त्या पोरवयातल्या आपटण्यातून आलाय. १९१७ मध्ये त्याला स्टेजवर अडीचशे डॉलरचं काम मिळत होतं. ते सोडून तो आर्बकल या जाड्या विनोदवीराकडं चाळीस डॉलरवर सिनेमात गेला, कारण कॅमेरा आतून कसा चालतो याचं त्याला वेड लागलं. १९२८ च्या एका चित्रपटात अख्ख्या घराची भिंत त्याच्यावर कोसळते आणि तो नेमका उघड्या खिडकीच्या जागी उभा असल्यामुळं वाचतो. ती भिंत खरी होती. अशा जागी न हलता उभं राहायची हिंमत लहानपणापासून फेकून घेतल्याशिवाय येत नाही.

आपल्याकडंही हे अपरिचित नाही. दादा कोंडके 'विच्छा माझी पुरी करा'च्या शेकडो प्रयोगांत तावून सुलाखून निघाले आणि मग १९७१ चा 'सोंगाड्या' आला. थिएटरात जे लोक हसले, त्या हशाची मोजमापं आधी स्टेजवर घेतलेली होती.

आता यातली एक गोष्ट, जी मला बँकवाला म्हणून टोचली. स्टेजवरचा पंधरा मिनिटांचा खेळ ही माणसाची मुद्दल असते. आज या गावी, उद्या त्या गावी, तोच खेळ वर्षानुवर्षं चालतो, त्याच्यावर घर चालतं. सिनेमात तोच खेळ एकदा घेतला की आठवड्याभरात सगळ्या गावांनी पाहिला. व्याज नाही, मुद्दलच खलास. कार्नोच्या बाबतीत नेमकं हेच झालं. १९०७ मध्ये फ्रान्सच्या पाथे कंपनीनं 'ममिंग बर्ड्स'वर बेतलेली फिल्म काढली, काम केलं मॅक्स लिंडरनं. कार्नोनं लंडनच्या कोर्टात दावा लावला. आम्ही फक्त फिल्म विकतो, नाटकाचा प्रयोग करत नाही, हा कंपनीचा पवित्रा. निकाल कार्नोच्या विरुद्ध गेला. म्हणजे गंमत बघा. शब्द वापरले तर नाटक म्हणून खटला, आणि शब्द न वापरता केलेली कमाई दुसऱ्यानं नेली तर ती आपली म्हणून राखता येत नाही. १९११ च्या इंग्लंडच्या कॉपीराइट कायद्यात मात्र मूक अभिनयाचा खेळ हा शब्दांत स्पष्ट आला, आणि तोच आपल्या १९५७ च्या कायद्यातल्या नाट्यकृतीच्या व्याख्येतही आहे. कुणी वकील सभासद असतील त्यांनी कलम दोन पाहावं.

हे वाचताना मला एक तालुक्याचं गाव आठवलं. १९७८-७९ ची गोष्ट, मी तिथं शाखेत कर्ज विभागात होतो. दसऱ्याच्या आधी एका तमाशा फडाचा मालक आला. हंगाम सुरू होण्याआधी कलाकारांना उचल द्यावी लागते, ती सावकाराकडून घ्यायची नाही म्हणाला. मी विचारलं, तारण काय? पेटारे, कनाती, ढोलकी. ट्रक भाड्याचा. मी मान हलवली. तेव्हा तो म्हणाला, "साहेब, आमचा सोंगाड्या नुस्ता उभा राह्यला तरी हजार माणूस हसतंय. हे धरा की तारण." आम्ही टेबलापलीकडचे सगळे हसलो. मी टिपण लिहिलं, 'पुरेसे तारण नाही'. नियमाला धरूनच होतं ते, आजही मी तसंच लिहिलं असतं कदाचित. पुढं माघात जवळच्या जत्रेला गेलो तेव्हा तंबूतल्या सिनेमासमोर रांग होती. त्याच्या फडाची कनात शोधली, दिसली नाही. दुसरीकडं कुठं लागली असेल असं मी स्वतःला सांगितलं. चौकशी केली नाही.

कार्नोनं पुढं टेम्स नदीतल्या बेटावर एक भपकेबाज हॉटेल बांधलं, त्यात बुडाला आणि १९२० च्या दशकात दिवाळखोर झाला. म्हातारपणी मित्रांच्या मदतीनं त्यानं एका लहान गावात दारूचं दुकान चालवलं. १९४१ मध्ये वारला. तोवर त्याची पोरं जगात सर्वांना ठाऊक झाली होती.

चॅप्लिन हे विसरला नव्हता. १९१५ मध्येच त्यानं 'अ नाइट इन द शो' काढून 'ममिंग बर्ड्स'मधला झिंगलेला गृहस्थ पडद्यावर आणला, त्यामुळं तो खेळ साधारण कसा असेल ते आज आपल्याला दिसतं. आणि १९५२ मध्ये त्यानं 'लाइमलाइट' काढला. त्यात तो म्यूझिक हॉलचा उतरलेला विनोदवीर झालाय, ज्याला आता कुणी हसत नाही. गोष्ट घडते लंडनमध्ये १९१४ साली. ज्या वर्षी तो स्वतः सिनेमात आला, तेच वर्ष! शेवटाकडं त्या म्हाताऱ्याचा एक कार्यक्रम होतो. चॅप्लिनच्या हातात व्हायोलिन, आणि पियानोवर चष्मा लावलेला, पानं घसरून पडतायत म्हणून बेजार झालेला दुसरा म्हातारा, तो बस्टर कीटन. कीटनचे दिवस तेव्हा बरे नव्हते. सिनेमा बोलका असून त्या प्रवेशात दोघं जवळजवळ काही बोलत नाहीत. दोघंही परत स्टेजवर आलेले.

या मे महिन्यात गच्चीवर तोच लावायचा विचार आहे. दोन तासांहून मोठा आहे, मुलं कंटाळतील म्हणून शेवटचाच भाग दाखवू. चादरीच्या खालच्या टोकाला यंदा विटा बांधाव्यात, ही सूचना. आणि तो पहिल्या रांगेतला मुलगा आता पाचवीत गेला आहे. त्याला मी हा लेख वाचून दाखवणार आहे. फडाच्या मालकाचा परिच्छेद मात्र वाचू की नको, ते अजून ठरलेलं नाही.